खालाजानची बॅग आणि साडेतीनशे टनांचे विमान

आमच्या ओसरीत हळदीची पोती मोजायचा इलेक्ट्रॉनिक काटा पडून असतो. मोठ्या खालाजान हजला निघाल्या तेव्हा त्याच काट्यावर त्यांच्या बॅगा चढल्या. नियम सरळ होता: दोन बॅगा, प्रत्येकी वीस किलो, आणि हातातली पिशवी सात किलोची. पहिली बॅग साडेएकोणीस किलो भरली. दुसरीने चोवीस किलो सहाशे ग्राम दाखवले. उघडून पाहिली तर आत लोखंडी तवा, शेंगदाण्याची चटणी, लिंबाचे लोणचे आणि पाच किलो ज्वारीचे पीठ. मक्केत मुक्काम महिना-सव्वा महिन्याचा, आणि भाकरीशिवाय खालाजानचे पोट भरत नाही.

पीठ काढा म्हटल्यावर त्या रागावल्या. "इत्ते बड़े जहाज को मेरे पाच किलो आटे का क्या वजन होता बेटा?"

घरातले सगळे हसले. आम्हीही हसलो, पण उत्तर काही देता आले नाही. वर्गात मुलांना वस्तुमान आणि बल शिकवतो, उत्तरपत्रिकेत किलोग्रामच्या जागी न्यूटन लिहिला नाही म्हणून अर्धा गुण कापतो, आणि एका सत्तरीच्या बाईच्या साध्या प्रश्नापुढे गप्प बसलो. त्या रात्रीपासून जे वाचले आणि कागदावर मांडून पाहिले, ते इथे देत आहोत. ज्यांच्या घरातून कोणी हजला निघाले असेल त्यांना उपयोगी पडेल.

आधी विमान किती जड असते ते पाहू. लांबच्या प्रवासाला वापरले जाणारे बोइंग 777-300 ईआर हे विमान उड्डाणाच्या वेळी जास्तीत जास्त 351 टन वजनाचे असू शकते. हिंगोलीच्या रस्त्यावर हळद घेऊन धावणारा दहाचाकी ट्रक मालासकट साडेअठ्ठावीस टनांचा असला तर कायद्यात बसतो. म्हणजे असे बारा भरलेले ट्रक एकत्र बांधून हवेत उचलायचे. मुंबईहून अनेक हाजींना घेऊन गेलेले जुने जंबो, म्हणजे बोइंग 747-400, जवळपास 397 टनांचे. एअर इंडियाचे असे एक विमान 22 एप्रिल 2024 रोजी मुंबईहून शेवटचे उडाले. आणि एमिरेट्सचे दुमजली एअरबस ए-380 तर 575 टनांपर्यंत जाते. वीस ट्रक! आपल्याकडच्या देशांतर्गत मार्गांवर फिरणारे ए-320 या सर्वांपुढे लहानच, अठ्ठ्याहत्तर-एकोणऐंशी टनांचे.

आता 777 चे ते 351 टन फोडून पाहू, कारण खालाजानच्या प्रश्नाचे उत्तर तिथेच आहे. सांगाडा, इंजिने, चाके आणि खुर्च्या धरून रिकामे विमान सुमारे 168 टनांचे. इंधनाच्या टाक्या काठोकाठ भरल्या तर 145 टन. राहिले काय? माणसे आणि सामान यांच्या वाट्याला जेमतेम चाळीस टन येतात. माणसांना नेण्यासाठी बनवलेल्या वाहनात माणसांचा वाटा आठव्या-नवव्या हिश्श्याचा! आम्हाला हा आकडा पहिल्यांदा चुकीचाच वाटला. पुन्हा मांडला तरी तोच आला.

इतके इंधन कशाला? दूर जायचे असते म्हणून. मुंबईहून न्यूयॉर्क साडेबारा हजार किलोमीटर. पंधरा-सोळा तास उडायचे तर शंभर टनांहून अधिक इंधन लागते. त्यातही गंमत अशी की या इंधनाचा बराचसा भाग इंधन वाहून नेण्यातच जळतो. सोळाव्या तासाला लागणारे इंधन आधीचे पंधरा तास पाठीवर घेऊन उडावे लागते. ते पेलायला पंख मोठे हवेत. मोठ्या पंखाला भक्कम सांगाडा हवा, त्या वजनाला जास्त ताकदीचे इंजिन हवे आणि जमिनीवर टेकायला जास्त चाके हवीत. ही प्रत्येक गोष्ट पुन्हा वजन वाढवते, आणि त्या वाढीव वजनासाठी पुन्हा इंधन. लग्नात पाहुणे वाढले की मंडप वाढतो, मंडप वाढला की आचारी वाढतात, आणि आचाऱ्यांनाही जेवायला लागतेच. तसा हा प्रकार आहे.

सांगाडा हलका का करत नाहीत, असे आम्हाला एका विद्यार्थ्याने विचारले. (आमच्या तालुक्यात लायगोची प्रयोगशाळा उभी राहत असल्यापासून मुलांचे प्रश्न जरा अवघड झाले आहेत.) करतातच. बोइंग 787 च्या वजनातला निम्मा भाग कार्बन धाग्यांच्या संमिश्र पदार्थाचा असतो. पण एका मर्यादेपलीकडे जाता येत नाही. दहा-अकरा किलोमीटर उंचीवर बाहेरची हवा इतकी विरळ असते की माणूस काही क्षणांत बेशुद्ध होईल. म्हणून आत हवा दाबून भरावी लागते. आतल्या आणि बाहेरच्या दाबातला फरक प्रत्येक चौरस मीटरला सुमारे सहा टनांपर्यंत जातो. ज्या दारातून आपण आत शिरतो, त्या एका दारावर आतून दहा टनांहून अधिक रेटा असतो. ज्या नळकांड्यात चारशे माणसे बसलेली आहेत, ते दर उड्डाणाला असे फुगते आणि दर उतरणीला सैल होते, वर्षानुवर्षे. तिथे पातळ पत्रा लावून काटकसर करता येत नाही.

हे सगळे उचलतो तो पंख. इंजिन विमानाला फक्त पुढे ढकलते. पंख हवा कापत जातो, हवेला खाली लोटतो आणि स्वतः वर उचलला जातो. 777 च्या दोन्ही पंखांचे मिळून क्षेत्रफळ सुमारे 430 चौरस मीटर. 351 टनांना त्याने भागले तर प्रत्येक चौरस मीटरवर आठशे किलो येतात. आपली जानमाज साधारण पाऊण चौरस मीटरची असते. म्हणजे एका जानमाजएवढी जागा सहाशे किलो, सहा क्विंटल हळद उचलते, तेही हवेच्या आधारावर. कुरआनात सूरह मुल्कमध्ये पंख पसरून उडणाऱ्या पक्ष्यांकडे पाहायला सांगितले आहे. आम्ही ती सूरह लहानपणापासून म्हणत आलो, पण जानमाजचा हा हिशेब मांडल्यावर त्या जागी थांबून विचार करावासा वाटला.

पंखाची ही उचल वेगाच्या वर्गाने वाढते. जड विमानाला उचलायचे तर जास्त वेग हवा, आणि जास्त वेग गाठायला लांब धावपट्टी हवी. ढोबळ नियम असा की वजन दहा टक्क्यांनी वाढले तर धाव वीस टक्क्यांहून अधिक वाढते. धावपट्टी लांब असून भागत नाही, ती मजबूतही लागते. 777 ला चौदा चाके. पूर्ण भरलेल्या विमानाचे वजन त्यांवर वाटले तर एका चाकावर सरासरी पंचवीस टन येतात. आपल्या दहाचाकी ट्रकच्या एका चाकावर तीन टनही येत नाहीत. पावसाळ्यात ट्रकखाली आपल्या रस्त्यांचे काय होते ते रोज पाहतोच आहोत.

आणि तिसरी गोष्ट ऊन. हवा तापली की विरळ होते. विरळ हवेत पंखाला उचल कमी मिळते आणि इंजिनही पूर्ण जोर लावू शकत नाही. मे महिन्याच्या दुपारी मराठवाड्यात उडणाऱ्या विमानाला जानेवारीच्या पहाटेपेक्षा जास्त धावावे लागते, किंवा वजन कमी करावे लागते. हज चांद्र वर्षाप्रमाणे दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे येतो. 2024 साली तो जूनच्या मध्यावर होता. 2034 च्या सुमारास तो फेब्रुवारीअखेर येईल, तेव्हा त्याच धावपट्टीवरून तेच विमान जास्त वजन घेऊन उडू शकेल.

इथे आपल्या भागाचा विषय येतो. औंढ्याहून सर्वांत जवळचे विमानतळ नांदेडचे. त्याची धावपट्टी 2,300 मीटरची. औरंगाबादच्या चिकलठाणा विमानतळाची सव्वाअठ्ठावीसशे मीटरच्या पुढे, पण ते समुद्रसपाटीपासून पावणेसहाशे मीटर उंचावर आहे, आणि उंचावर हवा मुळातच विरळ. मुंबईची मुख्य धावपट्टी साडेतीन किलोमीटरच्या जवळपास आणि समुद्राच्या पातळीला. जिद्दा मुंबईहून साधारण साडेतीन हजार किलोमीटर, पाच-साडेपाच तासांवर.

मराठवाड्याच्या हाजींना औरंगाबादहून थेट जाण्याची सोय होती, पण 2023 साली औरंगाबादहून जाणाऱ्यांना मुंबईपेक्षा सुमारे 88 हजार रुपये जास्त भरावे लागणार, असे समोर आले आणि मोठी ओरड झाली. नवरा-बायको दोघे निघाले तर पावणेदोन लाखांचा फरक. एवढ्या पैशात शेतात बोअर होतो. आमच्या ओळखीच्या अनेकांनी मुंबईच पसंत केली. नांदेड-परभणीहून रात्रभर रेल्वे, मग हज हाऊस, मग विमानतळ, आणि सोबत साठी-सत्तरीची माणसे.

हा फरक केवळ वजनामुळे आहे, असे आम्ही म्हणणार नाही. जिद्दाला जायला टाक्या काठोकाठ भराव्या लागतच नाहीत. आमचा कच्चा हिशेब असा: रिकामे विमान 168 टन, चारशे हाजी सरासरी पंचाहत्तर किलोप्रमाणे तीस टन, त्यांच्या बॅगा प्रत्येकी चाळीस किलोप्रमाणे सोळा टन, आणि इंधन राखीव धरून पन्नास टनांच्या आसपास. बेरीज 265 टनांच्या आसपास येते, म्हणजे कमाल मर्यादेच्या पंचाऐंशी टन खाली. पण मुळात हजचे विमान एका बाजूने रिकामे उडते. हाजींना सोडून रिकामे परत येते, आणि हजनंतर त्यांना आणायला रिकामे जाते. चार फेऱ्यांचा खर्च दोन फेऱ्यांच्या प्रवाशांवर पडतो. जिथे प्रवासी थोडे, तिथे हा बोजा जास्त जाणवतो. त्यावर धावपट्टी, ऊन आणि विमानाचा आकार. उरलेल्या रकमेचे उत्तर मात्र निविदा काढणाऱ्यांनी आणि भरणाऱ्यांनी द्यावे. पदार्थविज्ञानाच्या पदराआड त्यांना लपू देऊ नये.

केरळात हीच गोष्ट अधिक ठळकपणे दिसली. कोझिकोडचे विमानतळ टेकडीचा माथा सपाट करून बांधलेले आहे. 7 ऑगस्ट 2020 रोजी भर पावसात एअर इंडिया एक्सप्रेसचे बोइंग 737 धावपट्टीवर फार पुढे टेकले, थांबू शकले नाही आणि खाली कोसळले. एकवीस माणसे गेली. ते विमान मोठे नव्हते, आणि अपघात वजनामुळे झाला असेही नाही. पण त्यानंतर तिथे मोठी, रुंद विमाने बंद झाली. हाजींना छोट्या विमानांनी जावे लागले. 2024 साली सुरुवातीला कोझिकोडचे हजभाडे कोचीच्या जवळपास दुप्पट निघाले, आणि बराच आवाज उठल्यावर ते काहीसे उतरले. तिथल्या मुसलमानांची मागणी सोपी होती, मोठी विमाने परत आणा. त्यासाठी धावपट्टीच्या दोन्ही टोकांना सुरक्षित मोकळी जागा हवी. टेकडीवर ती जागा माती भरूनच तयार करावी लागते.

पंचाऐंशी टन शिल्लक असताना खालाजानचे पाच किलो का अडवायचे, हा प्रश्न तरी उरतोच. त्याचे उत्तर एका बॅगेत सापडत नाही, चारशे बॅगांत सापडते. प्रत्येकाने पाच किलो जास्त आणले तर दोन टन होतात. जादा वजनाच्या सुमारे तीन टक्के इंधन दर तासाला जास्त जळते, म्हणजे साडेपाच तासांत तीनशे किलोहून अधिक. ते पैसे कोणी तरी भरतोच. शिवाय बॅगा उचलणारा हमालही माणूस आहे. विमानाच्या पोटात त्याला धड उभेही राहता येत नाही. वाकून, गुडघ्यावर बसून शेकडो बॅगा लावायच्या. एका बॅगेच्या वजनाला मर्यादा आहे ती बरीचशी त्याच्या पाठीसाठी.

सर्वांत मोठे कारण मात्र वेगळेच आहे. वैमानिकाला वजन माहीत असावे लागते. उड्डाणाचा वेग, धावेची लांबी, इंधन हे सारे त्या आकड्यावरून ठरते. वजन किती एवढेच नव्हे, ते कुठे आहे हेही. मागे जास्त झाले तर नाक वर जाते, पुढे जास्त झाले तर विमान उचलत नाही. म्हणून कधी कधी रिकाम्या विमानात प्रवाशांना मागच्या रांगेतून पुढे बसवतात. नवव्या शतकात कॉर्डोबाच्या अब्बास बिन फिरनासने पंख लावून उडण्याचा प्रयत्न केला. इतिहासकार अल-मक्कारी लिहितो की त्याला उडता आले, पण उतरताना पाठीला दुखापत झाली, कारण पक्षी उतरताना शेपटीचा उपयोग करतात हे त्याच्या ध्यानात आले नव्हते. तोलाचा प्रश्न तेव्हापासूनचा आहे.

आणि आकडा चुकला तर काय होते ते 1983 साली कॅनडात घडले. ही हकीकत आम्ही आता दरवर्षी सातवीला एककांचा धडा शिकवताना सांगतो. विमानात इंधन लिटरने नव्हे तर किलोने मोजतात, कारण उन्हात तेल फुगते आणि लिटर बदलतो, वजन बदलत नाही. एअर कॅनडाचे एक नवे बोइंग 767 त्या ताफ्यातले पहिलेच मेट्रिक विमान होते. त्याचे इंधन दाखवणारे यंत्र बिघडले होते, म्हणून टाकीत पट्टी बुडवून हिशेब केला गेला. प्रवासाला 22,300 किलो हवे होते. एका लिटरचे वजन किती, याचा जो आकडा वापरला तो 1.77, आणि तो होता पौंडांचा. किलोचा आकडा होता 0.8. सगळ्यांनी बेरीज पुन्हा तपासली, बेरीज बरोबरच होती. विमान गरजेच्या निम्म्याहूनही कमी इंधन घेऊन उडाले. हवेतच दोन्ही इंजिने बंद पडली. वैमानिकाने ते अजस्र यंत्र घारीसारखे तरंगत गिमली नावाच्या गावी, हवाई दलाच्या जुन्या धावपट्टीवर उतरवले. तिथे त्या दिवशी मोटारींच्या शर्यती चालू होत्या. अल्लाहची कृपा, कोणी दगावले नाही. तेव्हापासून आमच्या वर्गात एकक न लिहिणाऱ्याचा अर्धा गुण कापताना आम्हाला वाईट वाटत नाही.

जड विमानाबद्दल आणखी एक गोष्ट घरच्यांना ठाऊक असावी. उडता येते तेवढ्या वजनाने उतरता येत नाही. 777 ची उतरण्याची मर्यादा सुमारे 251 टन, उडण्याच्या मर्यादेपेक्षा शंभर टन कमी. उतरताना चाकांना धक्का बसतो, तो सांगाड्याने सोसला पाहिजे. म्हणून भरलेले विमान काही बिघाडामुळे परत फिरले की कधी तासभर घिरट्या घालते किंवा इंधन हवेत सोडून देते. बाहेर वाट पाहणाऱ्यांचा जीव टांगणीला लागतो, पण ते विमान फक्त हलके होत असते.

आमच्या आजोबांच्या पिढीला ही काळजी नव्हती. मुंबईहून मोगल लाईनच्या बोटीने लोक हजला जात. सोबत पत्र्याच्या ट्रंका, स्टोव्ह आणि धान्याची पोती. बोटीला पाणी उचलून धरते, थांबली तरी ती बुडत नाही, म्हणून तिला पोत्याचे ओझे नाही. 1995 साली हजची बोट बंद झाली. उर्दूत आपण दोघांनाही जहाजच म्हणतो, एक पाण्याचे आणि एक हवाई. खालाजानच्या डोक्यात बहुधा त्यांच्या वडिलांचे जहाज होते.

हे सगळे आम्ही त्यांना समजावले, जानमाज अंथरून दाखवली, तिच्यावर सहा क्विंटल हळद कशी ते सांगितले. त्या शांतपणे ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "हमाल की बात पहले बोलना था ना." तवा त्यांनी स्वतःच काढून ठेवला. पिठातले चार किलो काढले, एक किलो ठेवले. बॅग साडेएकोणीसवर आली.

परतताना मुंबई विमानतळावर त्यांना पाच लिटर जमजमचा डबा मिळाला. तो त्यांच्या विमानातून आलेला नव्हता. हाजींना सोडून जी विमाने रिकामी परततात, त्यांतून हे पाणी आधीच आणून ठेवतात. चारशे हाजी, प्रत्येकी पाच लिटर, पुन्हा तेच दोन टन. घरी आल्यावर खालाजाननी बिस्मिल्ला म्हणत तो डबा आधी हळदीच्या काट्यावर ठेवायला लावला. पाच किलोच्या थोडा वर भरला. मग त्यांनी वाट्या मागवल्या.